डावं मनगट

पडद्यावर ती दोघं एकमेकांचे ओठ शोधतात
तेव्हा तुम्हाला ऐकू येतं ते माझं मनगट.
डावं. घड्याळ काढून ठेवलेलं.
बत्तीस वर्षं वूच शहरातल्या या तळघरात
मी माझ्याच मनगटाचे मुके घेत आले,
हातचं काही राखून न ठेवता.

चित्रीकरणातला आवाज कामाचा नसतो.
त्यात जनरेटर असतो, ट्रामची घंटा,
दिवे धरणाऱ्याचा खोकला.
तो सगळा पुसतात
आणि मग मला बोलावतात, प्रेम भरायला.

मिठी म्हणजे चामड्याचं जाकीट, दोनदा दाबायचं.
केसांतून फिरणारी बोटं म्हणजे कॅसेटची सुटलेली फीत.
चादर मात्र चादरीची चालत नाही,
माइकला ती वर्तमानपत्रासारखी वाटते.
त्यासाठी जुन्या बाजारातून आणलेलं पॅराशूटचं रेशीम आहे.
कुणी शिपाई त्याला लोंबकळत खाली आला असेल,
आता त्यात आठवड्याला एक जोडपं उतरतं.

पहिलं चुंबन कोरडं.
दुसरं ओलं.
तिसऱ्याला व्हायोलिन येतं आणि मी चहाला जाते.

या सगळ्या वर्षांत
कुणाचा गुडघा कटकन वाजला नाही,
कुणाचं पोट गुरगुरलं नाही,
अगदी त्या क्षणी
गॅस बंद केलास ना, असं कुणी विचारलं नाही.

घरी लुत्सियान.
कापडगिरणीतल्या मागांनी चोवीस वर्षं त्याचे कान खाल्ले,
म्हणजे खरोखरच खाल्ले.
मग गिरणी बंद पडली, तिथे दुकानं आली,
आणि त्याच्या दोन्ही कानांमागे
घेवड्याच्या बीएवढी दोन यंत्रं.
त्याला जवळ घेतलं की माझा गाल तिथे लागतो
आणि यंत्र शिट्टी घालतं,
किटलीला पडसं झाल्यासारखी, बारीक.
त्याला ती ऐकू येत नाही,
तेवढा वरचा सूर त्याच्यापर्यंत पोचतच नाही.
आमच्या मिठीचा आवाज
मला येतो, आणि भिंतीपलीकडच्या बाईंना.

गेल्या नोव्हेंबरात एक पोरगा आला, दिग्दर्शक.
म्हणाला, बोगुमिलाबाई,
स्टेशनावर चाळीस वर्षांनी भेटतात ही म्हातारी माणसं,
यांची मिठी जरा खरी करा.
मी लुत्सियानला त्याच्या लोकरी कोटासकट बोलावलं.
तो माइकसमोर उभा राहिला, एक्सरे काढायला आल्यासारखा,
श्वास रोखून.
काय करायचंय?
काही नाही, नुसता उभा राहा.

काचेपलीकडे तंत्रज्ञाने हात हलवले,
वायर तपासली, पुन्हा वायर तपासली.
पोरगा म्हणाला, सुंदर, अगदी हेच.
फक्त ती शिट्टी तेवढी काढू.

काढली. तीन मिनिटांचं काम.
मागे उरले दोन कोट, एकमेकांना घासणारे.

पहिल्या खेळाला आम्ही मागच्या रांगेत होतो.
स्टेशन आलं. वाफ. ती दोघं.
लोकांनी रुमाल काढले,
समोरच्या बाईने तर नाकच शिंकरलं.
लुत्सियान खालची अक्षरं वाचत होता,
ऐकू न येणाऱ्यांसाठी असतात ती.
मिठीच्या वेळी तिथे एकच शब्द आला:
शांतता.

तो माझ्याकडे वळला.
यात आपण कुठे आहोत?
कुजबुजायचं त्याला जमत नाही, अर्ध्या थिएटरने ऐकलं.
मी तोंड त्याच्या कानाशी नेलं
आणि सांगणार, तोवर ते वाजलं,
अंधारभर, बारीक, लांबलचक.

समोरची बाई मागे वळली, डोळे पुसत, चिडून:
अहो, फोन बंद करा तो!

त्याला काही कळलं नाही.
तो तिच्याकडे बघून हसला,
टोपीला हात लावला.
मी गाल होता तिथेच ठेवला.